भरलेला फवारणी पंप पडला की बॅटरीचा कप्पा तडकतो, सिम्युलेशनमध्ये मात्र काहीच होत नाही

स्प्रेपंपवाली, कुपवाड

नमस्कार मंडळी. कुपवाड एमआयडीसीत आम्ही पाठीवरचे बॅटरी पंप बनवतो. १६ लिटरची टाकी, खाली पॉलिप्रॉपिलीनचा बेस, त्यात १२ व्होल्ट ८ एएचची लेड अ‍ॅसिड बॅटरी. गिऱ्हाईक सगळं तासगाव, पलूस, कवठेमहांकाळकडचं. भरलेला पंप पिकअपच्या फाळक्यावरून निसटला की कप्प्याचा एकच कोपरा तडकतो, स्क्रूच्या बॉसपाशी, म्हणजे स्क्रू बसतो त्या पोकळ खुंटीपाशी. शेडमध्ये एक मीटरवरून मुद्दाम सोडला तरी तोच कोपरा.

मॉडेल एलएस-डायनात आहे, म्हणजे धडक-आपटीचं गणित करणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये. पंप फरशीपासून एक मीटर वर ठेवून ग्रॅव्हिटीवर सोडलाय. टाकी शेलची, म्हणजे पातळ पत्र्यासारख्या घटकांची, बेसला चार नोडांचा (कोपऱ्यांचा) टेट्रा मेश, म्हणजे छोट्या चौपृष्ठी तुकड्यांची जाळी. बॅटरी कप्प्याच्या तळाला टाय केलीय (चिकटवून टाकलीय), पाण्याचं वजन टाकीच्या भिंतींवर वाटलंय. रन रात्रभर चालतो आणि सकाळी उत्तर असं: बॉसपाशी स्ट्रेस यील्डच्या (प्लास्टिक कायमचं ताणलं जातं त्या मर्यादेच्या) निम्म्याच्याही आत, आणि बॅटरीच्या एका नोडवर ३००० जी, म्हणजे गुरुत्वाच्या ३००० पट अ‍ॅक्सलरेशन! बॅटरीला एवढा दणका बसतोय आणि तिला धरणारा कोपरा निवांत कसा?

मालक म्हणतात रिब (भिंतीला आधार देणारी पट्टी) दुप्पट जाड कर, विषय संपव. साच्याला हात लावायचा तर भर सीझनला उत्पादन बंद. म्हणून आधी खात्री हवी.

कोरेगाव रोड, सातारा

रात्रभर रन चालायचं कारण उघड आहे. एक मीटर पडायला ०.४५ सेकंद लागतात आणि त्यात काहीच घडत नाही. पंप फरशीला जेमतेम न टेकता ठेवा आणि ४.४३ मीटर प्रति सेकंद सुरुवातीचा वेग द्या. ग्रॅव्हिटी राहू द्या. मग २०-३० मिलिसेकंदांचा रन पुरतो.

टाइमस्टेप, म्हणजे गणित एका वेळी पुढे सरकतं तो वेळेचा तुकडा, कोण खाली ओढतंय तेही बघा. बहुतेक बॉसच्या फिलेटमधला (मुळाच्या गोलाईतला) एखादा चिमुकला टेट्रा निघेल. टाइमस्टेप वाढवायला घटकांचं वजन वाढवतात ते मास स्केलिंग सरसकट लावू नका, पंपाचं वजनच वाढून बसेल.

निवृत्त टूलरूम, मिरज

ताई, रंगीत चित्र जरा बाजूला ठेवा आणि एनर्जीचे आलेख उघडा. भरलेला पंप २२ किलोच्या आसपास धरला तर एक मीटरला २१६ जूल होतात. टन-मिलिमीटर-सेकंदात काम करत असाल तर आकडा २,१६,००० च्या जवळ दिसला पाहिजे. तो जुळत नसेल तर पुढचं सगळं वाचण्यात अर्थ नाही. टाकीच्या शेलची अवरग्लास एनर्जी, म्हणजे जाळीच्या खोट्या वळवळीत गेलेली, इंटर्नलच्या (साहित्य दबण्या-वाकण्यात साठलेल्या एनर्जीच्या) दहा टक्क्यांच्या आत हवी. कॉन्टॅक्टची एनर्जी उणे जात असेल तर काहीतरी काहीतरीत घुसलंय.

३००० जीचं म्हणाल तर पाटीवरचं गणित करा. पडण्याची उंची भागिले थांबायला लागलेलं अंतर, की सरासरी जी हातात. १००० मिमी, आणि बेस दबून ५ मिमीत थांबला तर २००. शिखर त्याच्या दुप्पट-तिप्पट धरू, पण ३००० कुठला? एकट्या नोडचं अ‍ॅक्सलरेशन म्हणजे निव्वळ थरथर. बॅटरी रिजिड (न वाकणारी) करा, तिच्या गुरुत्वमध्याचा आलेख बारीक अंतराने काढा आणि मग फिल्टर लावा. आउटपुटच विरळ घेतलं असेल तर फिल्टरही वाचवत नाही.

आता खरं दुखणं. बॅटरी टाय केली म्हणजे तुम्ही ती बेसला वेल्ड केली. तळ एकदम ताठ झाला, कोपऱ्याला वाकायचं कारणच उरलं नाही. प्रत्यक्षात बॅटरी कप्प्यात थोडी हलते ना? बेस आधी फरशीला लागतो, थांबतो, उसळून वर यायला लागतो, तेव्हा बॅटरी अजून ४.४३ नेच खाली येत असते. दोघांची गाठ समोरासमोर पडते. बॉस फुटतो तो या दुसऱ्या दणक्याने. तेव्हा टाय काढा, फट आहे तेवढी ठेवा, कॉन्टॅक्ट द्या.

पाण्याचंही तसंच. १६ किलो पाणी टाकीच्या तळावर आदळतं, भिंतीला लटकत नाही. एवढ्या थोड्या वेळाला पाण्याची वेगळी सॉलिड मेश करून २.२ जीपीए बल्क मॉड्युलसचं द्रव मटेरियल दिलं तरी भागतं. चार नोडांचा टेट्रा वाकण्यात फार ताठ असतो. जाडीत एकच थर असेल तर स्ट्रेस कमीच दिसणार.

आणि रिब जाड करू नका हो! भिंतीच्या निम्म्या-साठ टक्क्यांपलीकडे रिब गेली की बाहेरून खड्डा पडतो, आतून पोकळी.

फुटलेला तुकडा उन्हात धरून बघा. तडा पांढरा पडलाय का?

स्प्रेपंपवाली, कुपवाड

सर, सर्व्हिसला परत आलेले पंप उघडले. बॅटरीच्या वर चार मिमी मोकळं आहे. फोमची पट्टी काहींत आहे, काहींत चिकटवलेलीच नाही. कोपरा फुटलेले सगळे बिनपट्टीचे!

टाय काढून, फट देऊन रन केला. बॉसच्या मुळाशी स्ट्रेस आता यील्डच्या जवळ जातो, पण ओलांडत नाही. तडा अजिबात पांढरा नाही, काच तडकावी तसा सरळ, गुळगुळीत. बॉसच्या एका अंगाला केसासारखी रेघ आहे, तडा तिच्यातूनच गेलाय.

निवृत्त टूलरूम, मिरज

रेघ गेटच्या, म्हणजे साच्यात प्लास्टिक शिरतं त्या तोंडाच्या, विरुद्ध बाजूला असणार. प्लास्टिक बॉसच्या पिनेला वळसा घालून दोन्हीकडून येतं आणि थंड होत होत तिथं भेटतं. ती वेल्डलाइन. पीपी (पॉलिप्रॉपिलीन) ताणलं तर आधी पांढरं पडतं. तुमचं ताणायच्या आतच उकललं. मॉडेलला हे माहीत नाही, त्याच्या लेखी बेस सगळीकडे सारखाच. यील्डच्या जवळ पोचलं म्हणजे त्या रेघेसाठी पुरे झालं.

साचा कापायच्या आधी मेल्टचं (वितळलेल्या प्लास्टिकचं) आणि साच्याचं तापमान थोडं वाढवून शॉट (नमुन्याचे नग) काढून बघा. आणि फोम प्रत्येक पंपात गेलाच पाहिजे, तो असेंब्लीच्या चेकलिस्टवर घ्या.

कोरेगाव रोड, सातारा

एक राहिलं. शेडमधला ड्रॉप मोबाइलच्या स्लो मोशनवर घ्या. २४० फ्रेमला दोन फ्रेममध्ये चार मिलिसेकंद जातात, त्यामुळे दणका दिसणार नाही, पण पंप किती तिरका टेकला आणि किती उसळला ते कळेल. सपाट कधीच पडत नाही तो. दोन-तीन अंशांचा कल मॉडेलमध्ये देऊन बघा, उसळी जुळते का तेही.

स्प्रेपंपवाली, कुपवाड

कल देऊन रन लावलाय. फोमचा स्ट्रेस-स्ट्रेन कर्व्ह कुठून आणू? पुरवठादार फक्त घनता सांगतो.

निवृत्त टूलरूम, मिरज

सांगलीत विश्रामबागला वालचंद कॉलेजात विचारा, यूटीएमवर (ताण-दाब मोजायच्या यंत्रावर) दाबून मिळेल. कर्व्ह सावकाश दाबल्याचा असेल, पडताना फोम त्याहून ताठ वागतो. म्हणून तोच कर्व्ह दीडपट, दुप्पट करूनही रन काढा. तिन्हीत कोपरा वाचला तर मालकांना दाखवा.