फायनान्सवाल्यांनी गाडी उचलून नेली, पुढे काय झालं? अनुभव लिहा

धागाकर्ता, कणकवली
चुलतभावाची पिकअप गेल्या आठवड्यात हातखंब्याला अडवून नेली, वाशीला आंबा उतरवून रिकामा परत येत होता. हप्ते थकलेले हे खरंच, आणि "मग वेळेवर भरायचे होते" हे घरात सगळ्यांनी ऐकवून झालंय तेव्हा इथे ते नको. ज्यांच्या गाड्या गेल्या त्यांनी पुढे काय केलं, कुठे दाद लागली, तेवढं लिहा. कंपन्यांची नावं नकोत प्लीज.

हर्णैचा टेंपोवाला
आमचा छोटा हत्ती मासळीचा. 1 जून ते 31 जुलै मासेमारी बंद म्हणजे आमचं चाक पण बंद, हप्त्याला मात्र बंदी नाही. नारळी पौर्णिमेनंतर धंदा लागला की भरतो असं शाखेत जाऊन सांगितलेलं, साहेब हो हो म्हणाले, लेखी काय दिलं नाही. मग पहाटे माल भरून निघालो तर खेडात भरणे नाक्यावर चौघांनी बाईक आडवी घातली नि चावीच काढून घेतली. म्हटलं बाबांनो माल तरी उतरवू द्या, बर्फ वितळतोय, तर म्हणे यार्डात ये आणि तिकडे उतरव. यार्ड कुठे तर पार महाडच्या पुढे. तिथे पोचून बघतो तर क्रेटमधनं लाल पाणी गळतंय, सुरमईचे डोळे पांढरे पडलेले, वास असा की वॉचमनच म्हणाला घेऊन जा रे बाबा हे. त्याच्याकडे गाडीत काय काय आहे त्याची यादी होती, त्यात "मासळीचे क्रेट" असं लिहून खाली शिक्का, तिची कॉपी मी मागून घेतली आणि सगळी केस नंतर त्या एका कागदावर उभी राहिली.

रत्नागिरीला ग्राहक आयोगात तक्रार टाकली. त्यांचा वकील म्हणे हा धंद्याचा वापर, हा ग्राहकच नाही. आमच्या वकिलाने दाखवलं की स्वतः राबून पोट भरणाऱ्याला कायद्यातच सूट आहे. तोवर गाडी विकलेली, पण माल नासला त्याचे आणि विक्रीची नोटीस दिली नाही म्हणून थोडे पैसे मंजूर झाले. मग ते पण बाकीत वळते करून घेतले त्यांनी!

कुडाळकर
आमच्या आजोबांनी अंगणातच विचारलेलं, "आदी कागद दाखव, मगे गाडीक हात लाव." ना ओळखपत्र ना अधिकारपत्र, गेले निघून. पुन्हा सगळे कागद घेऊन आले पण तोवर काजूचे पैसे हातात आलेले, हप्ते भरून टाकले.

पूर्वी वसुलीत होतो
शिव्या पडणार माहितीय तरी लिहितो. प्रत्येक उचल बेकायदेशीर नसते हो. करारात ताबा घ्यायचं कलम असतंच, आणि भाडेखरेदी असेल तर सगळे हप्ते फिटेपर्यंत मालक फायनान्सवालाच, असं सुप्रीम कोर्टाने 2020 ला म्हटलंय. पण गुंड पाठवून वसुली नाही हेही त्याच कोर्टाने 2007 ला सांगितलेलं, आणि 2023 ला पाटणा हायकोर्टाने तर जबरदस्तीने गाड्या ओढणाऱ्यांना 50,000 रुपयांचा दंड लावला. नोटीस किती दिवसांची, ती कधी लागत नाही, विकण्याआधी शेवटची संधी कशी देणार, हे सगळं करारात लिहिलेलं पाहिजे असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. करार आधी तिथून वाचा, व्याजाचं पान नंतर. आणि उचलायच्या आधी एक, नंतर एक अशी दोन पत्रं पोलीस ठाण्याला द्यायची पद्धत आमच्याकडे होती. माहिती अधिकारात ती मागून तारीख-वेळ बघा. "आधीचं" पत्र कधी कधी नंतर पोचलेलं असतं, यापेक्षा जास्त बोलत नाही.

चिपळूणची रिक्षा
2020 चा लॉकडाऊन, मग 22 जुलै 2021 चा पूर. रिक्षा छपरापर्यंत पाण्यात, विमा नुसता थर्ड पार्टी. ती नेली त्याचं आता दुःख नाही, पण यार्डभाडं आणि कसले कसले चार्जेस लावून बाकी फुगवली. कंपनीला लेखी तक्रार केली, 30 दिवस उत्तर नाही, मग रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन टाकली, फी काय लागत नाही. हिशोबाचा कागद आला आणि यार्डभाडं कमी झालं. बाकीचे चार्जेस तसेच.

सावंतवाडी
एक गोष्ट कोणी लिहिली नाही. गाडी लिलावात गेली तरी आरसी माझ्याच नावावर! बेळगावकडचे ई-चलनाचे मेसेज मला, नो पार्किंग आणि एकदा तर हेल्मेट नाही म्हणून, गाडी चारचाकी आहे हो. वकील म्हणाला हसू नका, अपघात झाला तर भरपाईला आरसीवरचं नाव पकडतात, 2018 चा सुप्रीम कोर्टाचा निकाल आहे. ताबा घेतल्यावर फायनान्सवाल्याला मोटार वाहन कायद्याच्या कलम 51 खाली आरसी स्वतःच्या नावावर करून घेता येते, करत नाहीत कारण टॅक्स-दंड अंगावर येतो. मी ताबापावती जोडून आरटीओ आणि पोलीस दोघांना पत्र देऊन पोच घेतली.

लांजा, ताई
मिस्टर गेल्यावर गाडी नेली आणि वर चेन्नईहून लवादाची, म्हणजे कोर्टाबाहेर निवाडा देणाऱ्याची नोटीस, लवाद त्यांनीच नेमलेला. मला काहीच कळेना. तालुका विधी सेवा समितीत गेले, बायकांना उत्पन्नाची अट नाही, वकील फुकट मिळाला. त्याने लेखी हरकत टाकली की एकतर्फी नेमलेला लवाद मान्य नाही, 2019 पासून ते चालत नाही म्हणे. मग ते स्वतःच लोकअदालतीत तडजोडीला आले. पैसे भरण्याआधी "काही बाकी नाही" असं पत्र मागून घ्या, आणि तडजोडीत कमी भरलं तर सिबिलला "सेटल्ड" लागतं, पुढे साधं सोनंतारणाला पण प्रश्न विचारतात.

धागाकर्ता
सगळ्यांना धन्यवाद. भावाला यादीची कॉपी दिलेलीच नाही, आता समजलं का ते. उद्या यार्डात चाललोय, हर्णैवाल्या दादा, तुमच्या त्या यादीत स्टेपनी आणि ताडपत्री पण लिहिलेली होती का? आमच्या पिकअपमध्ये दोन्ही नवी होती.