मिझो करार अन आपलं ३७१ सारखंच हाय का?

परभणीचा_पोरगा
राज्यसेवेचा अभ्यास करायलोय. काल लायब्ररीत मित्र म्हणला, संविधानाच्या कलम ३७१ मधे मराठवाडा पण हाय अन मिझोराम पण, म्हंजे दोघांना सारखंच भेटलं. मला पटंना. १९८६ च्या करारात त्यांना नेमकं काय भेटलं? अन वीस वर्षं चाललेली बंदूक थांबली कशी?

टपरीवरचा_मास्तर
कुठं सारखं बाबा! आपलं ३७१(२), त्यांचं ३७१ जी. आपल्याला काय, तर राष्ट्रपतींनी आदेश काढला तर राज्यपालांकडं विकास मंडळाची जबाबदारी. मंडळ १९९४ ला आलं, एप्रिल २०२० ला मुदत संपली. त्यांच्याकडं जमिनीची मालकी अन हस्तांतर, धर्माच्या-समाजाच्या चालीरीती, रूढीचा कायदा अन त्याप्रमाणं होणारा न्यायनिवाडा, ह्याच्यावर संसदेनं कायदा केला तरी तिथली विधानसभा ठराव करून हो म्हणत नाही तोवर तो लागूच होत नाही.

नांदेड_एक्स्प्रेस
आधी उंदरापासून वाचा. १९५९ ला बांबूला फुलोरा आला, उंदीर माजले, उभी पिकं खाल्ली, त्याला तिकडं मौताम म्हणतात. तेव्हा तो भाग आसामात, अन सरकारनं वेळेवर लक्ष दिलं नाही (७२ चा दुष्काळ ज्यांच्या आजीनं सांगितलाय त्यांना जास्त सांगायला नको). दुष्काळात मदत करणाऱ्या संघटनेचीच पुढं लालडेंगांची मिझो नॅशनल फ्रंट झाली. १ मार्च १९६६ ला स्वातंत्र्य जाहीर, अन चारच दिवसांत आयझॉलवर आपल्याच हवाई दलाचे बॉम्ब.

परभणीचा_पोरगा
आपल्याच?? हे पुस्तकात एका ओळीत पण नव्हतं. मग मिटलं कसं?

टपरीवरचा_मास्तर
३० जून १९८६ ला सह्या झाल्या. केंद्राकडून गृहसचिव राम प्रधान, आपला मराठी माणूस, अन तोच त्यांचा रिटायरमेंटचा दिवस. फ्रंटनं वेगळ्या देशाचा हट्ट सोडून हत्यारं टाकायची, बदल्यात पूर्ण राज्य, ते २० फेब्रुवारी १९८७ ला झालं. पण मला विचारशील तर सहीपेक्षा मोठी गोष्ट म्हंजे काँग्रेसचे मुख्यमंत्री ललथनहावला यांनी खुर्ची सोडली अन कालपर्यंत ज्याच्याशी लढाई होती तो लालडेंगा तिच्यावर बसला. आपल्याकडं सोसायटीचा चेअरमन उठंना.

औंढ्याचा_वाचक
मास्तर, लई गोड करून सांगायलाव. मिझोराममधे पण छोटे समाज हायत, लाई, मारा, चकमा. त्यांच्या स्वायत्त जिल्हा परिषदा संविधानाच्या सहाव्या अनुसूचीत (ईशान्येकडच्या काही आदिवासी भागांच्या कारभाराचे नियम) येतात, अन अल्पसंख्याकांचे हक्क जपायचं कलम करारातच घातलं होतं. पोरा, ३७१ जी अन सहावी अनुसूची एक समजू नको, पेपरात तिथंच गंडवतात.