पोलीस पाटील भरती : तोंडीच्या गुणांवर मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जावं का?

शिवारकन्या
आमच्या गावच्या (मराठवाडा) पोलीस पाटील पदाची निवड यादी गेल्या महिन्यात लागली. लेखीत 80 पैकी मला 61, दुसऱ्या उमेदवाराला 54. तोंडीत 20 पैकी मला 7 आणि त्याला 17! तीन गुणांनी पद गेलं. तो एमआयडीसीत कंपनीत कायम आहे, बायकापोरांसह तिकडेच राहतो. गावात येतो ते सणाला आणि मतदानाला. मी बी.ए. आहे, शेती करते, रात्री-अपरात्री गावात काही झालं तर हजर असते. मला हे काम मनापासून करायचं होतं. तोंडीचे गुण कोर्ट बदलून देतं का?

निवृत्त अव्वल कारकून
ताई, गुण कोणी बदलून देणार नाही. निवड समितीच्या निर्णयावर कोर्ट अपिलात बसत नाही, हे सुप्रीम कोर्टाने दलपत सोळुंके प्रकरणात केव्हाच सांगून ठेवलंय. समिती नियमाप्रमाणे होती का, पात्रता तपासली का, कोणी आकसाने वागलं का, एवढंच बघतात. आकस म्हणाल तर पुरावा लागतो. नुसता 7 आणि 17 मधला फरक पुरत नाही. आणि तोंडी परीक्षा मुकाट्याने देऊन नंतर ती पद्धतच चुकीची म्हटलं, तर तेही सहसा ऐकून घेत नाहीत.

तुमचं खरं बळ रहिवासात आहे. पोलीस पाटलांचा 1968 चा भरती आदेश काढून वाचा. वय 25 ते 45 आणि त्याच गावचा रहिवासी, या अटी त्यात आहेत. ही अट कागदी नाही. पोलीस पाटलाने गावात असायचं, गुन्ह्याची खबर द्यायची, बेवारस प्रेत सापडलं तर ठाण्याला कळवायचं. हे लांब राहून कसं होणार? माझ्या नोकरीत अशा फायली मी पाहिल्यात. तलाठ्याचा एका ओळीचा दाखला जोडला की चौकशी संपली असं धरायचे. मला ते तेव्हाही पटत नव्हतं.

मात्र नोकरीचा मुद्दा जपून मांडा. त्याच आदेशात पोलीस पाटलाला शेती किंवा गावातला धंदा करायची मुभा आहे, बाहेर पूर्णवेळ नोकरी करायची नाही. पण हे बंधन पदावर आल्यावरचं. त्याने उद्या राजीनामा दिला तर मुद्दा लुळा पडेल. रहिवासाचं तसं नाही, ती निवडीच्या वेळचीच अट आहे.

शिवारकन्या
काका, मग प्रांतसाहेबांना (उपविभागीय अधिकाऱ्यांना) पुन्हा अर्ज देऊ का? आधी दोन दिलेत, पोच आहे.

खंडपीठातली वकील
पोच सांभाळा, पण अर्जांवर अर्ज देत बसू नका. प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा, 1985, कलम 21 प्रमाणे मॅटमध्ये जायची मुदत एक वर्षाची, आणि वारंवार निवेदनं दिल्याने ती वाढत नाही. माझ्याकडे येणारी कितीतरी चांगली प्रकरणं इथेच मरतात, वाईट वाटतं.

मराठवाड्यासाठी मॅटचं खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला आहे. आधी तिथे मूळ अर्ज करायचा; सुप्रीम कोर्टाच्या 1997 च्या एल. चंद्रकुमार निकालामुळे हायकोर्टाचा रस्ता त्यानंतर. निवड झालेल्या उमेदवाराला नावाने प्रतिवादी करा, नाहीतर अर्ज तिथेच अडेल. निवड रद्द झाली तरी नेमणुकीची ऑर्डर आपोआप तुमच्या हातात पडेलच असं नाही, बऱ्याचदा प्रांतांनी नव्याने निर्णय घ्यावा असा आदेश होतो.

निवृत्त अव्वल कारकून
उद्याच माहिती अधिकारात अर्ज टाका, दहा रुपये लागतात. जाहीरनामा, समितीची गुणपत्रकं, रहिवासाच्या चौकशीचा अहवाल आणि त्यावर कोणाची सही, असं नेमकं मागा. ‘सर्व माहिती द्या’ लिहिलंत तर फिरवत ठेवतील. उत्तराला 30 दिवस असतात. तोवर त्याच्या मुलांच्या शाळा कुठे, रेशन कुठून उचलतात, हे गावात कोण सांगायला तयार आहे ते बघा. त्यांना शपथपत्र द्यावं लागेल, तोंडी बोलणं चालणार नाही.

शिवारकन्या
शेजारच्या दोन घरांनी हो म्हटलंय. सोमवारी तहसीलला जाऊन अर्ज देते.

खंडपीठातली वकील
तहसीलला नको, प्रांत कार्यालयाच्या जनमाहिती अधिकाऱ्याच्या नावे द्या. निवडीची फाईल तिथे आहे.