मदत हवी आहे : मेंदूच्या दुखापतीनंतर दहावीचा अभ्यास

नमस्कार. दुचाकीच्या अपघातात माझ्या भाच्याच्या डोक्याला गंभीर मार लागला होता. आता तो चालतो, बोलतो, आधी शिकलेले बरेचसे त्याला आठवतेही. मात्र सकाळी वाचलेला धडा संध्याकाळपर्यंत पुसला जातो आणि वर्गातल्या गोंगाटाने तो इतका थकतो की फळ्यावरचे वाक्य अर्धवट उतरवूनच वही मिटतो. वरवर धडधाकट दिसत असल्यामुळे शिक्षकांना हा आळस वाटतो, याचे फार वाईट वाटते.

दिव्यांग व्यक्ती हक्क कायदा, २०१६ मधील दिव्यांगत्वाच्या २१ प्रकारांत मेंदूची दुखापत स्वतंत्रपणे नमूद नाही. मग बोर्डाच्या परीक्षेत लेखनिक आणि जादा वेळ मिळावा यासाठी प्रमाणपत्र कोणत्या प्रकाराखाली काढावे, आणि त्यासाठी न्यूरोसायकॉलॉजिस्टचा (स्मरणशक्ती, एकाग्रता अशा मेंदूच्या कामांची तपासणी करणाऱ्या मानसशास्त्रज्ञाचा) चाचणी अहवाल पुरतो का, हे अनुभवी पालकांनी कृपया सांगावे. राष्ट्रीय मुक्त विद्यालयी शिक्षण संस्थेत पाच वर्षांत थोडे थोडे विषय देता येतात. मला तोच मार्ग त्याला झेपेलसा वाटतो, पण शाळेतले मित्र दुरावतील ही धास्ती आहे. तसेच स्मरणशक्ती व एकाग्रतेसाठी ऑक्युपेशनल थेरपी (रोजची कामे पुन्हा जमावीत यासाठीचे उपचार) घेतलेल्या कोणाला दैनंदिन अभ्यासात नेमका कशाचा उपयोग झाला?