खून तासाभरात उलगडतो की उरकतो?

(टोपणनावं घेतलेल्या तीन सिनेमावेड्यांचा वाद.)

रीळभर: लंडनच्या मर्टन पार्क स्टुडिओतून 1960 ते 1965 या काळात इंग्रज रहस्यकथाकार एडगर वॉलेसच्या नावावर चाळीसहून जास्त रहस्यपट निघाले. मुख्य सिनेमाच्या जोडीला दाखवायचे, साधारण तासाभराचे. सुरुवातीला धुक्यात फिरणारा वॉलेसचा अर्धपुतळा आणि ‘मॅन ऑफ मिस्टरी’ची धून. रहस्य काय ते तेवढंच! पुढे इन्स्पेक्टर चार घरं फिरतो आणि शेवटी सगळं तोंडी सांगून मोकळा होतो. माझं मत स्पष्ट आहे: तासाभरात ‘खुनी कोण’ हे कोडं नीट मांडताच येत नाही. 35 मिमी फिल्म मिनिटाला 90 फूट पळते, म्हणजे तासाला 5400 फूट. त्यातून खून, तपास, पाठलाग आणि उलगडा वजा करा. चार संशयितांच्या वाट्याला पाच-सहा मिनिटं येतात. ज्याला विनाकारण एक प्रसंग जास्त मिळालाय, त्याच्यावर बोट ठेवा, तोच खुनी.

खिट्टी: लांबीला कशाला दोष? ‘क्लू ऑफ द ट्विस्टेड कँडल’ (1960) घ्या. रसभंग नको असेल तर इथेच थांबा. मूळ कादंबरी 1916ची. बंद खोलीतल्या खुनाची युक्ती एवढीच: दाराची जड पोलादी खिट्टी उचलून खाली मेणबत्तीचा टेकू द्यायचा, बाहेर पडून दार ओढून घ्यायचं. खोलीच्या उबेनं मेण वाकतं, खिट्टी पडते, दार आतून बंद. असली युक्ती दाखवायला तीन क्लोज-अप पुरतात. नट लागत नाहीत, दाराएवढा सेटचा तुकडा आणि एक हात बस्स. गडबड होते ती वेगळीकडे. स्टुडिओच्या दिव्यांखाली मेण आधीच मऊ पडतं, म्हणून दर टेकला, म्हणजे तोच शॉट पुन्हा घेताना, त्याच उंचीची नवी मेणबत्ती लागते. नाहीतर संकलनात ती मधेच वाढलेली दिसते. खिट्टीचा आवाज नंतर वेगळा घेऊन चिकटवता येतो.

रीळभर: क्लोज-अप स्वस्त आहे हे मान्य, पण तोच चहाडी करतो. पुरावा गर्दीत लपवायचा असतो. मोठ्या सिनेमात टेबलावर वीस वस्तू असतात, इथे एक मेणबत्ती आणि एक टेलिफोन. कॅमेरा जवळ गेला की प्रेक्षक सावध झालाच. शिवाय तुमची युक्ती ‘कसं’ सांगते, ‘कोण’ नाही.

पिटातला: पैसा विसरताय. तेव्हा ब्रिटनमधल्या थिएटरांना पूरक कार्यक्रमात, म्हणजे मुख्य सिनेमाच्या जोडीला, 25 टक्के ब्रिटिश चित्रपट दाखवणं कायद्यानं बंधनकारक होतं. पण अशा चित्रपटाला सहसा ठरावीक भाडं मिळायचं, तिकीटविक्रीत वाटा नाही. चौथ्या संशयितासाठी दोन दिवस शूटिंग वाढवलं तर तो खर्च वसूल कुठून होणार? म्हणून पटकथा सेटपासून सुरू व्हायची: एक ऑफिस, एक फ्लॅट, एक पब. भिंतींची जागा बदलली, पडदे बदलले की तोच फ्लॅट दुसऱ्याचा. उरलेलं बाहेर, दक्षिण लंडनच्या गल्ल्यांत. आणि मला विचाराल तर खरी मजा तिथेच आहे. स्टुडिओच्या थाटामाटात न दिसणारी 1960ची साधी इंग्लिश घरं आणि दुकानं इथे दिसतात. ‘सोलो फॉर स्पॅरो’त (1962) तर छोट्या भूमिकेत पुढे मोठा नट झालेला तरुण मायकल केनही सापडतो.

रीळभर: गल्ल्या छान आहेत म्हणून रहस्य छान होत नाही. केन हेरायला मीही बसेन, पण तो छंद झाला, समीक्षा नव्हे.

खिट्टी: मग ‘कोण’ सोडूनच द्या ना. यातले बरे चित्रपट तेच करतात: खुनी लवकर दाखवतात आणि त्याचा बेत कुठे फसतो त्यावर उरलेली चाळीस मिनिटं खर्च करतात. संशयित दोनच, सेट तीनच, आणि प्रत्येक प्रसंगात खुन्याची एक तरी थाप पकडली जाते. पाच संशयितांचा बंगला हवा असेल तर नव्वद मिनिटांचा सिनेमा पाहा. तिथेही मधली वीस मिनिटं लोक नुसते चहा पीत असतात.