चेहऱ्यावर निळा रंग, त्याखालून स्वतःचाच दुसरा चेहरा: क्रोमा की बसत नाही

रंगरेषा:
एकल परफॉर्मन्स, स्थिर कॅमेरा, आठ मिनिटांचा सलग टेक. कलाकार बोटांनी चेहऱ्यावर निळा रंग फासते आणि क्रोमा की वापरून (ठरावीक रंगाच्या जागी दुसरं चित्र दाखवणारं तंत्र; थोडक्यात ‘की’) जिथे रंग लागेल तिथे तिचाच आधी चित्रित केलेला चेहरा उमटायला हवा. पण रंगाच्या कडा दातेरी दिसतात आणि चार-पाच मिनिटांनी खालचा चेहरा सरकून नाकावर डोळा येतो. हिरवा रंग घ्यावा का?

चौकट:
हिरवा नको. त्वचा कुठल्याही वर्णाची असो, तिच्यात लाल-पिवळा जास्त आणि निळा सर्वांत कमी असतो. हिरवा पिवळ्याला खेटून असल्यामुळे ‘की’ जरा सैल केली, म्हणजे निवडलेल्या रंगाची मर्यादा वाढवली, की गालही गायब होऊ लागतात. निळाच ठेवा, पण एकाच थरात झाकणारा, मॅट आणि चेहऱ्यासाठीच बनवलेला. पातळ थरातून त्वचा डोकावली की निळा राखाडी पडतो आणि ‘की’ तुटते. अ‍ॅक्रिलिक अजिबात लावू नका. २४ तास आधी कोपराच्या आतल्या बाजूला निवडलेल्या रंगाचा ठिपका लावून पाहा.

कडा दातेरी होतात त्या ४:२:० रेकॉर्डिंगमुळे: त्यात चार पिक्सेलांमागे रंगाची एकच नोंद असते. ४:२:२ (चार पिक्सेलांमागे रंगाच्या दोन नोंदी), १०-बिट (रंगाच्या जास्त छटा टिपणारं) रेकॉर्डिंग घ्या आणि कॅमेऱ्यातलं शार्पनिंग बंद करा. ओला रंग चमकला की तिथे पांढरा डाग येतो, म्हणून दोन्ही बाजूंनी ४५ अंशांवर मऊ प्रकाश द्या. एक्स्पोजर, फोकस, व्हाइट बॅलन्स सगळं मॅन्युअल.

सावली_प्रकाश:
सरकतो तो कॅमेरा नाही, मान. ती थकून हळूहळू खाली येते. बसूनच करा, डोक्यामागे केसांत लपेल असा टेकू द्या.
क्रमही उलटा करा. रंगाचा टेक आधी घ्या. मग तो मॉनिटरवर ५० टक्के पारदर्शक ठेवून, त्यावर स्वतःची प्रतिमा जुळवत खालचा चेहरा चित्रित करा. मॉनिटर आरशासारखा उलटवायला विसरू नका, नाहीतर कलाकार प्रत्येक वेळी चुकीच्या दिशेला हलेल.

रंगरेषा:
प्रेक्षकांसमोर थेट करायचं आहे, त्यामुळे खालचा चेहरा आधीच तयार लागेल.

सावली_प्रकाश:
मग दोन्ही वेळा कानात मिनिटाला ६० ठोके चालू ठेवा आणि श्वास, मान वळवणं, पापणी मिटणं ठोके मोजून ठरवा. दोन्ही चित्रं एकत्र करणाऱ्या व्हिडिओ मिक्सरमधून चित्र काही फ्रेम उशिरा येतं, म्हणून हालचाल संथच हवी.

चौकट:
बोटांचा विचार झालाय का? निळी झालेली बोटंही ‘की’ होतात, म्हणजे रंग फासणारा हातच खिडकी बनतो आणि त्यातून खालचा गाल दिसतो. अमेरिकी व्हिडिओ कलाकार पीटर कॅम्पसने १९७३ साली ‘थ्री ट्रान्झिशन्स’मध्ये चेहरा असाच पुसत नेला होता. तिन्ही भाग मिळून ते काम सुमारे पाच मिनिटांचं आहे. त्यापुढे आठ मिनिटं मला जास्त वाटतात. हात नाहीसा व्हायला नको असेल तर स्पंज वापरा, पण माझं मत विचाराल तर बोटंच ठेवा. शरीर स्वतःला पुसतंय हे तिथेच सर्वांत स्पष्ट दिसतं.