पांढरी गाडी आणि टँकर

(बेळगावातल्या एका सोसायटीचा व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप. सकाळची वेळ.)

सेक्रेटरी (३०२): नमस्कार. हिडकल धरणाकडची मोठी पाइप फुटल्यामुळं आज नळाला पाणी नाही. ५,००० लिटरचा टँकर गेटात आलाय. संप टाकीच्या झाकणावर एक पांढरी गाडी उभी आहे. ज्यांची असेल त्यांनी सवडीनं काढावी, ही विनंती.

देसाई वहिनी (१०४): आमची तांबडी आहे. फक्त माहितीसाठी.

पाटील (२०१): मी बाल्कनीतून बघितलो. पांढरीच आहे.

नाईक काकू (२०३): मागच्या काचेवर 'शिक्षक' लिहिलंय. पण शिक्षक काय, खूप असतात.

पाटील: होय की. पाहुण्यांत पण असतात.

कुलकर्णी सर (४०१): सुप्रभात. सेक्रेटरीसाहेब, काल रात्री व्याही सांबऱ्याला वेळेत पोचले ना?

सेक्रेटरी: होय सर, विमान चुकलं नाही. तुमची गाडी होती म्हणून जमलं.

कुलकर्णी सर: छान. येऊन गाडी नीट लावलीत ना?

सेक्रेटरी: एकदम नीट सर. अंधारात जागा शोधून लावलो.

(यानंतर बराच वेळ कुणीच काही लिहीत नाही. निळ्या खुणा मात्र सगळ्यांच्या.)

पाटील: काही म्हणा, राकसकोपचं पाणी ते राकसकोपचं. मार्कंडेय नदीची गोडीच वेगळी.

देसाई वहिनी: घटप्रभेला काय झालंय? हिडकल नसतं तर उन्हाळ्यात काय केलो असतो आपण?

पाटील: तसं नव्हे वहिनी. दोन्ही चांगलीच.

पूजा (१०२): टँकरवाले मामा 'होगतेनि नोडरी' म्हणालेत, म्हणजे 'जातो बघा'. दोनदा.

नाईक काकू: कुणीतरी चहा द्या की त्यांना.

देसाई वहिनी: चहाला पाणी कुठाय काकू?

कुलकर्णी सर: सेक्रेटरीसाहेब, घाई नाही, पण एक किल्ली माझ्याकडं यायची राहिली आहे. सावकाश द्या.

सेक्रेटरी: टेरेसची काय सर? ती वॉचमनकडं दिलो.

कुलकर्णी सर: बरं बरं. असू दे.

पूजा: टँकर गेला. शेजारच्या बिल्डिंगीत शिरला.

सेक्रेटरी: सर्व सभासदांना कळविण्यात येते की झाकणावरची गाडी हलविण्यात आलेली आहे. कुणी लावली होती, किल्ली कुणाच्या पँटच्या खिशात सापडली, या तपशिलात कृपया जाऊ नये.

नाईक काकू: छे, आम्ही कशाला जातो.

कुलकर्णी सर: टँकर परत कधी म्हणे?

सेक्रेटरी: संध्याकाळी बघतो म्हणालेत सर.

पूजा: ती गाडी आता माझ्या स्कूटरला चिकटून उभी आहे. मला नऊला कॉलेजला जायचं होतं. म्हणजे गेलंच पाहिजे असं काही नाही.